शेवटच्या प्रसंगातलं व्हायोलिन

रविवारी स्टुडिओ बंद, असं दारावरच्या पाटीवर लिहिलेलं होतं. पण ती पाटी बाहेरच्यांसाठी. घरच्यांच्या दृष्टीने स्टुडिओ म्हणजे भांडायची मोठी खोली. आबा आणि त्यांचा धाकटा भाऊ कायमचे वेगळे झाले ते याच खोलीत, आणि भिंतींना आवाज शोषणाऱ्या गाद्या असल्यामुळे शेजाऱ्यांना त्याचा पत्ता लागला तो वर्षभराने. दादाचं लग्न इथेच ठरलं, सुरीचं इथेच मोडलं. त्यामुळे आपला पहिला चित्रपट घरच्यांना कुठे दाखवायचा, हा प्रश्न छकुलीला पडलाच नाही.

दादा, म्हणजे छकुलीचा बाप, जेवण आटोपून खुर्च्या मांडत होता. मधली हातांची खुर्ची आबांची, म्हणजे त्याच्या वडिलांची. तिच्या शेजारी सुरीची, कारण संगीत तिचं. स्वतःची त्याने दाराजवळ ठेवली, म्हणजे फोन आल्याचं निमित्त करून उठता येईल. मुलीवर त्याचं प्रेम होतं, पण स्वतंत्र चित्रपटांचा त्याला अनुभव होता. धाकट्या बहिणीने, सुरीने, गेली कित्येक वर्षं अशाच चित्रपटांना संगीत दिलं होतं, आणि स्वतंत्र म्हणजे नक्की कशापासून, हे तिने त्याला अनेकदा समजावलं होतं. त्याला कळलं ते इतकंच, की हे चित्रपट प्रेक्षकांपासून स्वतंत्र असतात.

आबांनी ज्या खोलीत साठ वादक बसवून मोठमोठ्या चित्रपटांचं संगीत केलं, तिथे दादा आता एक माणूस आणि एक संगणक बसवून साठ वादकांचा आवाज काढत असे. साबण, रंग, गाद्या, टायर, ज्याची म्हणून जाहिरात होते ते सगळं या खोलीत गायलं गेलं होतं. आबा यावर फक्त एवढंच म्हणत, "साठातले चार जण तरी सुरात असायचे रे."

पण धंदा चालत होता तो आबांमुळेच. कुठल्याही कामातले सगळे आवाज मिसळून अंतिम मिश्रण तयार झालं, की ते आधी आबांना ऐकवायचं, असा रिवाज होता. आबा डोळे मिटून ऐकत, मग बोट वर करून एकच वाक्य बोलत, "वरचं जरा कमी कर," किंवा "खालचं मोकळं सोड." जाहिरातवाले गहिवरत. बाहेर याला 'आबांचा कान' म्हणत, आणि त्या कानासाठी माणसं आपला साबण घेऊन शहराच्या दुसऱ्या टोकाहून येत.

"नाव काय ठेवलंय चित्रपटाचं?" दादाने विचारलं.

छकुली पडद्यामागे तारा जोडत होती. "ठेवलेलं नाही. नाव ठेवलं की अर्थ मरतो."

"नावं ठेवायला आम्ही आहोतच," तिची आई म्हणाली.

ही आई, म्हणजे सुरीची वहिनी, दातांची डॉक्टर. नायिकेच्या भूमिकेसाठी छकुलीने पुष्कळ शोध घेतला आणि शेवटी जी नाही म्हणू शकत नव्हती तिला घेतलं. जन्मभर दुसऱ्यांना तोंड उघडायला लावणाऱ्या बाईला तिने सबंध चित्रपटात तोंड मिटून ठेवायला सांगितलं होतं. वहिनींनी ते केलं, आणि घरात त्याची भरपाई करून घेतली.

आबा आले ते बोलतच आले. वाटेत दिसलेला नवा पूल, हल्लीच्या चपला, छकुलीचे केस, सगळ्यांवर मत देऊन ते खुर्चीत बसले. हल्ली ते प्रश्न विचारत नसत, नुसती मतं देत. घरच्यांनी ते वयावर ढकललं होतं.

सुरी सगळ्यात शेवटी आली. केस विंचरून आली होती, यावरून प्रसंगाचं गांभीर्य ओळखता येत होतं.

*

सुरी हे नाव आबांनी सुरावरून ठेवलं, असं आबा सांगत. तिची आई सांगायची की जिभेवरून. दोघांचंही खरं असावं.

खुर्चीत बसताना तिला स्वतःचीच लाज वाटत होती, कारण शाळकरी मुलीसारखी ती चोरून आबांच्या चेहऱ्याकडे बघत होती. आजवर तिचं काम घरातल्या कुणी चित्रपटगृहात जाऊन पाहिलं नव्हतं. दादाला वेळ नसे. वहिनींना दाखवलेल्या एका चित्रपटात एक माणूस सतरा मिनिटं भिंत रंगवतो. त्या म्हणाल्या होत्या, भिंत छान झाली. आबांना तिने सुरुवातीला बोलावून पाहिलं. दोनदा ते आले, काही न बोलता घरी गेले. पुढे गुडघा दुखू लागला. तो तिच्या चित्रपटांच्या वेळीच दुखे. तेव्हापासून तिने बोलावणं सोडलं होतं, आणि त्यांनी विचारणं.

आज मात्र नातीचा चित्रपट होता. गुडघ्याला सुट्टी होती.

छकुलीबरोबर काम करणं ही वेगळीच शिक्षा होती. "आत्या, संगीत असावं, पण आहे असं जाणवू नये," ती पहिल्या भेटीत म्हणाली.

"तुझ्या बापासारखं," सुरी म्हणाली.

मग सहा महिने निरोप येत राहिले. थोडं कोरडं कर. इतकं कोरडं नको. सुरीने शेवटी विचारलं होतं, दमट चालेल का. तिने इस्त्रीच्या वाफेचा आवाज पकडून आणला, हँगर एकमेकांवर वाजवून त्यातले सुरात वाजणारे निवडले, धुलाईच्या यंत्राची घरघर हळू करून तिचा आधारस्वर केला. हे सगळं छकुलीने आनंदाने घेतलं. आणि शेवटच्या प्रसंगासाठी सुरीने खूप वर्षांनी व्हायोलिन बाहेर काढलं. घरातल्या कपाटात, हिवाळी कोटांच्या मध्ये उभी राहून, कारण तिच्या घरात तेवढीच एक शांत जागा होती, तिने ते एकटीने वाजवून ध्वनिमुद्रित केलं. तिच्या हातून याहून चांगलं काही झालं नव्हतं. हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं. असल्या गोष्टी सांगितल्या की लोक प्रोत्साहन देतात.

दिवे गेले.

चित्रपट एका लाँड्रीवाल्या बाईचा होता. नवरा सोडून गेलेला, दुकान चालू. गिऱ्हाइकं येतात, कपडे देतात, नेतात. वाफ, हँगर, घरघर. सुरीला आपलं काम बरं वाटत होतं, हे तिला खटकलंही. दादाचा फोन दोनदा थरथरला आणि तो दोन्ही वेळा बाहेर गेला नाही, ही त्या चित्रपटाला मिळालेली पहिली दाद.

मग शेवटचा प्रसंग आला. कपड्यांच्या ढिगात बाईला नवऱ्याचा एक शर्ट सापडतो. ती तो टेबलावर पसरते. इथे व्हायोलिन सुरू व्हायचं होतं.

सुरू झालं नाही.

सुरीला आधी वाटलं, तार निघाली. तिने छकुलीकडे पाहिलं. छकुली स्वतःच्या बुटांकडे बघत होती, आणि दिग्दर्शक स्वतःच्या चित्रपटाच्या शेवटी बूट बघत नसतो. तेव्हा तिला कळलं.

पडद्यावर वहिनी कॉलरला इस्त्री करत होत्या. कापडावरून लोखंड सरकल्याचा आवाज, दूर कुठेतरी जाणारी बस, आणि मधूनमधून एका बाईचा श्वास, बस. सुरीच्या डाव्या हाताची बोटं आपोआप उजव्या मनगटाजवळ गेली आणि तिथे दाबली जाऊ लागली, जिथे सूर असायला हवा होता तिथे. ती थांबवू शकली असती, पण तिने थांबवलं नाही. बाह्या झाल्या, पाठ झाली, बटणांची पट्टी झाली. बाईने शर्टाची घडी घातली, इतरांच्या कपड्यांना लावतात तशी चिठ्ठी टाचली, आणि तो गिऱ्हाइकांच्या फळीवर ठेवून दिला. सुरीच्या बोटांनी शेवटचा सूर धरला आणि सोडला.

पडदा काळा झाला. 'संगीत' या शब्दापुढे तिचं नाव आलं, चांगल्या मोठ्या अक्षरांत.

दिवे लागले तेव्हा छकुलीने फोन आबांसमोर धरला होता. महोत्सवाच्या आधी घरच्या मोठ्या माणसाचे चार शब्द लोकांना दाखवायचे, अशी तिची योजना होती. "आबा, कसा वाटला?"

आबांनी घसा साफ केला. फोनकडे नाही, सुरीकडे बघत ते म्हणाले, "चित्रपट ठीक आहे. लांब आहे. पण त्या शेवटच्या प्रसंगातलं व्हायोलिन." त्यांनी बोट वर केलं. "माझ्या हातून असं एकदाही झालं नाही."

भिंतींतल्या गाद्यांनी तेही शोषून घेतलं.

सुरीला ओळीने दोन गोष्टी कळल्या. वडिलांनी आयुष्यात पहिल्यांदा आपलं कौतुक केलं. आणि वडील ठार बहिरे आहेत.

"थँक यू, आबा," ती म्हणाली.

*

चहाची खोली लहान होती आणि तिच्या भिंतींना गाद्या नव्हत्या, म्हणून सगळे कुजबुजत भांडत होते. आबांना बाहेर बसवून, चहा आणतो असं सांगून, चौघं आत आली होती. बहिऱ्या माणसाला ऐकू जाऊ नये म्हणून आपण कुजबुजतोय, हे वहिनींच्या सगळ्यात आधी लक्षात आलं, पण तरी त्या कुजबुजतच म्हणाल्या, "किती दिवस?"

प्रश्न कुणाला असं नव्हतं, पण दादा किटलीकडे बघू लागला.

"अहो, मी तुम्हाला विचारतेय."

"दीड-दोन वर्षं," दादा म्हणाला. "आधी नुसते वरचे सूर गेले. मग बाकीचे."

"आणि रोजचं मिश्रण ऐकवणं?" सुरीने विचारलं.

"ऐकवतो."

"मग ते वरचं कमी कर म्हणतात, ते?"

"हो म्हणतो. काही करत नाही." दादाने कप मांडायला घेतले. "गिऱ्हाईक खूश होऊन जातं. आबा खूश असतात. नुकसान कुणाचं आहे ते सांग."

"म्हणजे तू आबांचा कान विकतोयस," छकुली म्हणाली, "आणि आत माल नाही."

"तू बोलू नकोस. आत्याचं संगीत काढून टाकलंस आणि नाव मोठ्या अक्षरांत छापलंस. तू कुठला माल विकतेस?"

छकुलीने सुरीकडे पाहिलं. "मी सांगणार होते."

"कधी? महोत्सवात?"

"आज चित्रपट संपल्यावर. मला वाटलं, आधी तू बघशील, मग तुला पटेल. आत्या, तुझी ती धून फार सुंदर आहे. तोच तर प्रॉब्लेम झाला. ती वाजायला लागली की आई इस्त्री करायची थांबते आणि दुःख करायला लागते."

"मी कुठे थांबले?" वहिनी म्हणाल्या. "तू तर म्हणालीस, काहीही करू नकोस. मी काहीही केलं नाही."

"तेच तर छान आहे, आई."

"एवढा वेळ माझं नुसतं तोंड. मागे संगीत असेल या भरवशावर मी हो म्हटलं होतं. संगीत असलं की लोक तोंडाकडे बघत नाहीत." वहिनी नणंदेच्या बाजूला सरकल्या, अक्षरशः, कारण खोली लहान होती. "मी सुरीच्या बाजूने आहे."

"मीही," दादा म्हणाला.

हे ऐकून सुरीने कपाळाला हात लावला नाही, एवढंच. तिच्या एकाही कामाबद्दल दादा आजवर 'वेगळं आहे' याच्यापलीकडे गेला नव्हता.

"सरळ गोष्ट आहे," दादाने कप खाली ठेवले आणि गिऱ्हाइकाला समजावतो तसा पुढे झुकला. "व्हायोलिन परत घालायचं. तुझ्याकडे ते आहे, छकुले, फेकून दिलेलं नाही. उद्या सकाळी इथेच बसून घालू. म्हणजे चित्रपटात व्हायोलिन आहे. आबांनी ते ऐकलं. आबांनी ते नावाजलं. तुझा व्हिडिओही वापरता येईल. सुरीचं काम राहतं, आबांची अब्रू राहते, स्टुडिओचं नाव राहतं. कुणाला काही कळण्याचा प्रश्नच नाही."

"आणि चित्रपट?" छकुली म्हणाली.

"चित्रपटाला काय धाड भरलीय? थोडं गोड होईल. लोकांना गोड लागतं."

"बाबा, तो साबण नाहीये."

"साबण लोक दोनदा तरी विकत घेतात."

वहिनींनी नवऱ्याच्या दंडावर हात ठेवला. पण त्यांनाही तोड आवडली होती, हे दिसत होतं. "आणि मी त्यांना कानाच्या डॉक्टरकडे नेते हळूहळू, काहीतरी कारण काढून. दात तपासायला म्हणून नेईन. कानाची एक डॉक्टर माझी मैत्रीणच आहे."

छकुली भिंतीला टेकली. ती रडत नव्हती, पण नाक लाल झालं होतं. आबांचा चेहरा तिच्या फोनमध्ये होता, आणि फोन तिच्या खिशात जड झाला होता. आजोबांना खोटं पाडणारा चित्रपट आपला पहिला चित्रपट असावा, असं तिला वाटत नव्हतं. आत्याला दुखावल्याचं होतं ते वेगळंच. दोन्ही एका झटक्यात मिटत होतं.

"ठीक आहे," ती म्हणाली. "घालते परत. आत्या, सॉरी. तुझं तुला मिळालं."

सगळे सुरीकडे बघू लागले. ती खूश झाल्याशिवाय चहा ओतता येणार नव्हता.

खूश व्हायला सुरीची काही हरकत नव्हती. गेल्या तासाभरात तिने एवढंच मागितलं असतं, की ते व्हायोलिन परत यावं. आता ते आलं होतं. एका भावाच्या दुकानदारीसाठी, वहिनीच्या तोंडासाठी आणि एका पोरीच्या अपराधी भावनेसाठी आलं होतं. चित्रपटासाठी हवं, असं त्या खोलीत एकानेही म्हटलं नव्हतं. आणि याहून वाईट गोष्ट तिला एकटीलाच ठाऊक होती. तो शर्ट फळीवर ठेवला जाताना तिचा स्वतःचा श्वास अडकला होता. आवाज नसताना.

"नको," ती म्हणाली.

"काय नको?" दादाने विचारलं.

"व्हायोलिन नको तिथे. पोरीने बरोबर काढलंय." हे बोलताना तिला इतका त्रास झाला, की तिने वर आणखी भर घातली. "काढायची पद्धत भिकार आहे. पुन्हा कुणाशी असं वागलीस तर संगीतकार नाही, वकील भेटेल. पण काढलंय ते बरोबर."

"अगं, पण मग आबा..."

"आबांना मी सांगते."

"काय सांगतेस?"

"की व्हायोलिन नव्हतं."

वहिनींनी आता दादाच्या बाजूला सरकायचं ठरवलं. "सुरी, त्यांनी जन्मात एकदा तुझं कौतुक केलं. ते तसंच राहू दे ना. कशाला उकरतेस?"

"कारण वहिनी, ते मी न वाजवलेल्या गोष्टीचं आहे," सुरी म्हणाली. "माझ्याकडे वाजवलेल्या गोष्टींचा पुष्कळ साठा आहे. त्यातल्या एखादीचं चालेल."

तिने एक कप उचलला, त्यात चहा नाही हे न बघताच, आणि बाहेर गेली.

*

आबा पडद्याकडे तोंड करून बसले होते. आतल्या खोलीत कुजबुज चालू असणार, हे त्यांना ऐकू येत नसलं तरी माहीत होतं. एवढ्याशा चहाला चार माणसं लागत नाहीत.

कान गेला हे त्यांना थोरल्याच्या, म्हणजे दादाच्याही आधी कळलं होतं. एका सकाळी पाखरं गेली. मग किटलीची शिट्टी गेली, मग बायकांचे आवाज, मग शब्दांतली व्यंजनं. त्यांनी तेव्हापासून बोलायला सुरुवात केली, कारण बोलत राहिलं की ऐकावं लागत नाही. थोरला मिश्रण ऐकवायचा तेव्हा ते त्याच्या चेहऱ्याकडे बघत. खांदे वर गेलेले असले की वरचं जास्त झालेलं असे, त्याला स्वतःलाच ते आतून ठाऊक असे. "वरचं जरा कमी कर," आबा म्हणत. तो हो म्हणायचा. आबांचा समज होता की तो ते करतो.

सुरी समोर येऊन उभी राहिली. रिकामा कप त्यांच्या हातात दिला. मग खुर्ची ओढून, गुडघ्याला गुडघा लागेल अशी समोर बसली आणि ओठ नीट हलवत म्हणाली, "आबा, शेवटच्या प्रसंगात व्हायोलिन नव्हतं."

आबांनी तिच्या ओठांकडे पाहिलं, मग कपात पाहिलं. "हो का?"

"छकुलीने काढून टाकलंय. नुसती इस्त्री होती."

"बरं केलं."

"आबा, तुम्हाला ऐकू येत नाही."

"अगदीच नाही असं नाही. ढोल वाजला तर कळतो." त्यांनी तिच्या हाताकडे पाहिलं. "तू मघाशी वाजवत होतीस ते काय होतं मग?"

"मी कुठे वाजवत होते?"

आबांनी कप खाली ठेवला. आपला डावा हात उजव्या मनगटावर ठेवला आणि बोटं दाबायला सुरुवात केली. म्हातारी बोटं होती, सांधे सुजलेले, पण ती जिथे पडायला हवी तिथेच पडत होती. पहिलं, तिसरं, पहिलं सरकत वर. मग कोपर आत घेऊन जाड तारेवर. सुरी बघत राहिली. तो तिच्या धुनेचा पहिला भाग होता, जवळजवळ जसाच्या तसा.

"कोपरावरून तार कळते," आबा म्हणाले. "तुझी आई आजारी होती तेव्हा तुला मी असंच शिकवलं की नाही? हातावर. तिची झोप मोडायला नको म्हणून. चित्रपट मी फारसा बघितला नाही. पडद्याच्या उजेडात जास्त तुझाच हात बघत होतो. मला वाटलं, तू मागच्या संगीताबरोबर बोटं चालवतेस. म्हटलं, हे आपल्याला ऐकायला मिळालं नाही, पण वाचायला तर मिळालं."

सुरीने स्वतःचा डावा हात उलटा करून पाहिला.

"शेवटी मात्र चुकलीस," आबा म्हणाले.

"कुठे?"

"घडी घालताना वर चढलीस. बाई इस्त्री करतेय. ती कशाला वर जाईल? जिथे आहे तिथेच राहायचं."

"ती मोकळी होते, आबा."

"कुणी सांगितलं? तुझ्या वहिनीच्या तोंडावर तर तसं काही नव्हतं."

सुरी हसली, आणि हसताहसताच तिने डोळे पुसले. "माझ्या चित्रपटांना येत का नव्हता तुम्ही?"

आबांना बोलत राहून चुकवता येण्यासारखा हा प्रश्न नव्हता. "थोरल्याचं काम वाजलं की खुर्ची हलते. कळतं, काहीतरी झालं. तुझं ऐकायला कान लागतो. पहिल्या दोन वेळा बसलो. तेव्हा कान असूनही मला काहीच ऐकू आलं नाही. घरी येऊन काय बोलणार होतो? चांगलं म्हटलं असतं तर तू विचारलं असतंस, काय चांगलं. तू सोडणारी नाहीस." त्यांनी तिच्या हाताकडे बोट केलं. "गुडघा सोपा होता."

"इतकी वर्षं?"

"हळूहळू गेला कान. गुडघा आधीपासून लागला होता."

सुरीने शर्टाची बाही वर केली. "कुठला हवा?" तिने विचारलं, ओठ नीट हलवत. "भिंत रंगवणाऱ्याचा आहे. एक आहे दीपगृहातल्या दोन म्हाताऱ्यांचा, त्यात नुसतं खर्जातलं आहे."

"भिंतीचा," आबा म्हणाले. "भिंत छान झाली होती म्हणे."

*

चहा घेऊन तिघं बाहेर आली तेव्हा खोलीत पूर्ण शांतता होती. सुरी उजव्या हातावर बोटं चालवत होती आणि आबा पुढे झुकून बघत होते. मध्येच त्यांनी हात वर केला, तिने परत मागून सुरुवात केली. वहिनींना वाटलं, सुरीचा हात दुखतोय. छकुलीला काय चाललंय ते नेमकं कळलं नाही, पण तिने फोन काढला नाही. तेवढी ती त्या दुपारी मोठी झाली होती.

दादा ट्रे घेऊन उभा राहिला. आत त्याने एक नवीन तोड काढली होती, पहिलीपेक्षाही चांगली, आणि ती थंड व्हायच्या आत सांगायची होती. "आबा," तो मोठ्याने म्हणाला, "चहा."

आबांनी ट्रे बघितला, मग मुलाचे वर गेलेले खांदे बघितले.

"उद्यापासून मिश्रण मला ऐकवू नकोस," ते म्हणाले. "सुरीला ऐकव. ती कमी कर म्हणाली की कमी कर."

सुरीने बोटं थांबवली. "साबण? मी?"

"अंघोळ करतेस ना?"

दादाने ट्रे खाली ठेवला. मग तो बोलू लागला. त्याने सांगितलं की असं एकाएकी करता येत नाही, गिऱ्हाइकांना काय सांगायचं, पाटीवर काय लिहायचं, सुरीला जाहिरातींची शिस्त नाही, तिच्या हाती काम गेलं तर उद्या टायरच्या जाहिरातीत वारा वाजेल. स्टुडिओ त्याने चालवला, रात्रंदिवस, आणि निर्णय मात्र कुणालाही न विचारता खुर्चीत बसून होतात. काकांच्या वेळीही हेच झालं होतं. आणि आपण काही म्हणत नाही म्हणजे आपल्याला काही वाटत नाही असं नाही. वहिनींनी मधेच दोनदा "अहो" म्हटलं. दादाच्या बोलण्यातलं बरंचसं खरं होतं, आणि इतकं सलग तो त्या खोलीत पहिल्यांदाच बोलत होता.

आबांनी ते सगळं शांतपणे, मान हलवत, शेवटपर्यंत होऊ दिलं. मग चहाचा कप उचलला, एक घोट घेतला, आणि घरात सगळ्यांसमोर जे आजवर कधी बोलले नव्हते ते, अगदी सहज, साखर कमी पडलीय असं सांगावं तसं सांगून टाकलं.

"अरे, मला ऐकू येत नाही."